ओळखीचा क्रमांक आणि माणसाची अब्रू

"ज्याने काही वाईट केले नाही, त्याने आपला क्रमांक सांगायला का भ्यावे?" असा प्रश्न हल्ली पुष्कळ चांगली माणसेही विचारतात. सिमकार्ड घ्यायचे असो, लॉजमध्ये रात्रीपुरते उतरायचे असो, की मुलाला शाळेत घालायचे असो, आधारकार्डाची झेरॉक्स काढून देण्याची आपल्याला सवय झाली आहे. ती प्रत पुढे कोठे जाते, हे आपण विचारीतही नाही. प्रश्न साधा दिसतो. पण त्यात एक गफलत आहे, असे आम्हास वाटते.

लपविणे आणि झाकणे या दोन गोष्टी येथे एकच धरल्या आहेत. चोर चोरीचा माल लपवितो. दाराला पडदा लावणारी गृहिणी काही लपवीत नसते. आजाराचे कागद, घरातला पगार, बँकेतील शिल्लक यांत पाप नाही. तरी ते चावडीवर वाचून दाखवावे, असे कोणालाही वाटणार नाही. ज्याच्याभोवती कसलीच मर्यादा राहू दिली जात नाही, त्याची अब्रूही राहत नाही.

क्रमांक देणेच मुळात वाईट, असे मात्र आम्ही म्हणत नाही. सप्टेंबर २०१० मध्ये नंदुरबार जिल्ह्यातील टेंभली या गावी पहिले आधार क्रमांक देण्यात आले. ज्याच्यापाशी जन्माचा दाखला नाही, सातबाऱ्यावर नाव नाही, त्यालाही सरकारदरबारी 'मी आहे' असे सांगता यावे, हा हेतू चांगलाच होता. त्या बारा आकड्यांवरून जात, धर्म किंवा गाव कळत नाही, हेही योग्य झाले. कारण ओळखपत्रावर काय लिहिले आहे, यावर माणसांचे प्राण अवलंबून राहिल्याचा दाखला इतिहासात आहे. रवांडात १९३० च्या दशकात बेल्जियमच्या राजवटीने ओळखपत्रांवर हुतू, तुत्सी की त्वा, अशी नोंद सुरू केली. १९९४ च्या कत्तलीत रस्त्यांवरील नाक्यांवर ओळखपत्रांवरची तीच नोंद पाहून तुत्सींना बाजूला काढून मारण्यात आले. नोंद करणाऱ्या कारकुनाच्या मनात खून नसेल. पण नोंद त्याच्यामागे उरली, आणि ती कोणाच्या उपयोगी पडेल हे त्याच्या हाती राहिले नाही.

आपल्याकडचा रोजचा धोका निराळा आहे. नुसत्या क्रमांकाने कोणाला आपले पैसे काढता येत नाहीत, हे खरे. पण खेड्यापाड्यांत बँकेच्या प्रतिनिधीकडे आधार क्रमांक, बँकेचे नाव व बोटाचा ठसा एवढ्यावर रक्कम मिळते. आणि ठशांची नक्कल करून पैसे काढल्याचे गुन्हे घडले आहेत. एटीएमचा पिन बदलता येतो, बोट बदलता येत नाही.

२४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी एकमताने सांगितले की, खाजगीपणा हा मूलभूत हक्क आहे. हा दावा लावणारे के. एस. पुट्टस्वामी हे कर्नाटक उच्च न्यायालयाचे निवृत्त न्यायाधीश. दावा लावला तेव्हा त्यांनी ऐंशी वर्षे ओलांडली होती. पुढे २६ सप्टेंबर २०१८ च्या निकालाने आधार योजना टिकली, परंतु बँक खाते व मोबाईल त्यास जोडण्याची सक्ती गेली.

पण निकालाने मिळालेला हक्क खिडकीपाशी कामास येतोच, असे नाही. शिकलेला मनुष्य "कशासाठी हवे?" असे विचारू शकतो. पेन्शनच्या रांगेतील विधवा विचारीत नाही. नाही म्हटले तर महिन्याचे पैसे अडतील, अशी तिला भीती. म्हणून आमच्या मते येथे मुख्य जबाबदारी मागणाऱ्याची आहे. दुसऱ्याचा क्रमांक घेणे म्हणजे त्याची ठेव घेणे. ती गरजेपुरती घ्यावी, जपावी, आणि काम होताच परत करावी अथवा नष्ट करावी.

कोणी म्हणेल, या पडद्याआड लबाड लोक आपले व्यवहार झाकतील. आक्षेप खरा आहे. त्यास आमचे उत्तर असे: ज्याच्या हाती सत्ता आहे त्याचा कारभार उघडा असावा, ज्याच्या हाती ती नाही त्याचे घर झाकलेले असावे. पुष्कळदा याच्या नेमके उलट घडते.

आणि मागणाऱ्यांत आपणही आहो. घरमालक, शाळेचे व पतपेढीचे चिटणीस, मंडळीच्या कचेरीत लग्नाचे कागद सांभाळणारे, या साऱ्यांनी आपल्या फायली एकदा उघडून पाहाव्यात. काम संपलेल्या प्रती फाडून टाकाव्यात. त्या रद्दीत जाऊ देऊ नयेत. फलकावर किंवा व्हॉट्सॲपवर यादी देताना क्रमांक खोडावेत. २०१६ चा कायदाही आधार क्रमांक असे जाहीर करण्यास मनाई करतो. शेवटचे चारच आकडे दिसतील असे आधार मिळते. तेवढ्याने भागत असेल तर तेच मागावे. देणाऱ्यानेही प्रतीवर तारीख व कारण लिहावे. ठशांना कुलूप घालण्याची सोय आहे, आणि गरज पडेल तेव्हा ते उघडता येते. घरातील वृद्धांना हे तरुणांनी शांतपणे समजावून द्यावे.

शेजाऱ्याच्या वस्तूस हात लावू नये, हे आपण लहानपणीच शिकलो. त्याच्या नावाची व क्रमांकाची राखण करणे हाही त्याच शिकवणीचा भाग मानावा, एवढीच वाचकांस आमची विनंती.