कागद मिळाला म्हणजे झालं?

माझा धंदा मुक्कामाचा. शनिशिंगणापुरात शनी अमावास्येला आलेल्या माणसाला रात्री पाठ टेकायला खोली द्यायची, सकाळी चहा-नाश्ता द्यायचा, यावर घर चालतं. त्यामुळे अकोले तालुक्यातल्या एका ओळखीच्या माणसानं भंडारदऱ्याजवळ रतनवाडीच्या अंगाला भागीत तंबू आणि थोड्या पक्क्या खोल्या टाकायचं सुचवलं, तेव्हा मला त्यात वावगं काही वाटलं नाही. भंडारदऱ्याला गिऱ्हाईक कमी नाही. हिशेब जमत होता. अडचण एकच, जागा कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात येते.

मग कायदा वाचला. वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२, कलम ३३. अभयारण्यात धंद्यासाठी पर्यटक निवास किंवा हॉटेल बांधायचं तर राष्ट्रीय वन्यजीव मंडळाची पूर्वमंजुरी लागते. २०२२च्या दुरुस्तीनं सरकारी निवासांनाही या अटीत आणलं. सातबारा कोणाच्या नावावर आहे, हे या अटीत विचारलेलं नाही. बांधकाम हद्दीच्या आत आहे का, एवढाच प्रश्न. आणि त्या मंडळाचे अध्यक्ष खुद्द पंतप्रधान. माझ्या खोल्यांची फाईल तिथवर जायची!

इथून माझ्या मनानं जे सुरू केलं, ते मला जास्त तपासावंसं वाटतं. तंबू म्हणजे बांधकाम धरतात का? खोल्या गावातल्याच कुणाच्या नावावर काढल्या तर? पाटीवर ‘होम स्टे’ लिहिलं तर? ही वकिली मला कोणी शिकवली नव्हती. ती आतूनच येत होती, आणि प्रत्येक मुद्दा गावकऱ्यांच्या रोजगाराच्या नावानं येत होता.

रोजगाराचा मुद्दा खोटा नाही. अभयारण्य १९८६ साली जाहीर झालं. तिथली महादेव कोळी कुटुंबं त्याआधीपासून तिथं आहेत. भातशेती पावसाळ्यापुरती, एरवी मजुरीला बाहेर जायचं. त्यांनी पडवीत चार पाहुणे झोपवले, पिठलं-भाकरी करून वाढली, तर ते आपल्या घरात राहून पोट भरतात. मी ऐंशी-शंभर मैलांवरून पैसा घेऊन जाणार आणि त्यांच्या नावाआड उभा राहणार. कायद्यापुढं आम्ही दोघं एका रांगेत येऊ कदाचित. माझ्या स्वतःच्या नजरेत येत नाही.

आता तिथं विकायचं काय, तेही बघू. मेअखेर ते जूनचा पहिला पंधरवडा हा काजव्यांचा हंगाम. सादडा, हिरडा, बेहडा, जांभूळ अशा झाडांवर नर काजवे लुकलुकतात, मादी त्याला उजेडानंच उत्तर देते. जमलं तर ओलसर मातीत अंडी पडतात, पुढं अळ्या गोगलगायींवर वाढतात. या सगळ्याला दोनच गोष्टी लागतात: काळोख आणि न तुडवलेली जमीन. आणि माझ्या धंद्याला जनरेटर, दिव्यांची माळ, गाड्या लावायला सपाट केलेली जागा लागते. ज्यासाठी माणूस पैसे मोजून येणार, तेच माझ्या सोयींनी संपणार.

आमच्या गावाची ख्याती बिनदाराच्या घरांची. २०११ साली इथं बँकेची शाखा उघडली तीही बिनकुलपाची. चोरी करणाऱ्याला शनिदेव बघतो, ही इथली श्रद्धा. पण चोरी म्हणजे दागिना, पैसा, भांडं उचलणं, एवढीच आमची समजूत. कोणी काळोख उचलून नेला तर पंचनामा कशाचा करायचा? काजवा काही फिर्याद द्यायला येत नाही.

पाण्याचंही तेच. आमच्या भागातली शेती मुळा उजव्या कालव्याच्या आवर्तनावर उभी आहे. आवर्तन लांबलं की आम्ही मोर्चे काढतो. ती मुळा उगम पावते त्याच हरिश्चंद्रगडाच्या डोंगररांगेत. २६ टीएमसीच्या धरणावर आमचा हक्क आम्ही तोंडपाठ सांगतो. रतनवाडीचं पाणी मुळेला नाही, शेजारच्या प्रवरेला जातं; त्या दुसऱ्यांच्या पाण्याच्या माथ्यावर सांडपाण्याचे खड्डे खणायला निघताना मात्र हक्काचा हा हिशेब मला आठवला नव्हता.

समजा, मंजुरी मिळाली. कागदानं मी गुन्हेगार ठरणार नाही, एवढंच होईल. तिथं माझी गरज आहे का, हा प्रश्न तरीही शिल्लक राहतो, आणि त्याचं उत्तर ‘नाही’ असंच येतं. तिथल्या माणसाला तिथंच राहून पोट भरायचं आहे. मला पोट भरायला शिंगणापूर आहे. भागी मी नाकारली.

काजवे बघायला जाणाऱ्यांना एकच सांगतो. ॲडव्हान्स भरण्याआधी विचारा: जागा अभयारण्याच्या हद्दीत आहे का, आणि असेल तर मंजुरी कोणाची? उत्तर टाळलं तर पैसे देऊ नका. मालक बाहेरचा असेल तर मंजुरी असूनही दोनदा विचार करा.