न विचारता घेतलेलं कर्ज

मोखाड्याच्या एखाद्या पाड्यावर तीस वर्षं शिकवलेले गुरुजी डोळ्यांसमोर आणा. अठ्ठावन्न पूर्ण झाली, शाल-श्रीफळ झालं, फोटो ग्रुपवर आले. त्यानंतर त्यांच्या फाइलचा प्रवास सुरू होतो. आधी पंचायत समिती, मग पालघरची जिल्हा परिषद. सेवापुस्तकातली एक नोंद सापडत नाही, कारण ती 1 ऑगस्ट 2014च्या आधीची आहे. तेव्हा जिल्हा ठाणे होता. गुरुजी एसटीने जातात, ‘पुढच्या आठवड्यात या’ ऐकून परत येतात.

समजा, त्यांच्या ग्रॅच्युइटीचे दहा लाख चौदा महिन्यांनी मिळाले. मधल्या काळात ते पैसे सरकारकडेच होते. म्हणजे सरकारने गुरुजींकडून कर्ज घेतलं, पण त्यांना न विचारता.

या भागाला व्याज नवीन नाही. पूर्वीच्या ठाणे जिल्ह्याच्या वारली पट्ट्यात लग्नासाठी सावकाराकडून पैसे घेतलेला तरुण बायकोसकट त्याच्याकडे राबायचा. त्याला ‘लग्नगडी’ म्हणत. 1945मध्ये गोदावरी आणि शामराव परुळेकरांच्या साथीने वारली उठले ते या वेठीविरुद्ध. सावकाराला व्याज कधी मागावं लागलं नाही. ते आपोआप चढायचं. आता देणेकरी सरकार आहे, तर तेच व्याज अर्ज करून मागावं लागतं.

तसा नियम आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982मधला 129-अ सांगतो, की ग्रॅच्युइटीला तीन महिन्यांपेक्षा जास्त उशीर झाला आणि तो प्रशासकीय दिरंगाईमुळे झाल्याचं स्पष्ट झालं, तर भविष्य निर्वाह निधीच्या दराने व्याज द्यायचं. 7.1 टक्के धरले, तर वरच्या अकरा महिन्यांचे साधारण 65 हजार होतात. याच काळात मुलीच्या लग्नासाठी गुरुजींनी महिना दोन टक्क्यांनी पैसे उचलले असतील, तर ते वर्षाला चोवीस टक्के भरत होते.

खरी मेख ‘स्पष्ट झालं तर’ या शब्दांत आहे. दिरंगाई कुणाची, हे फाइलवरच्या तारखा सांगतात आणि फाइल असते त्याच कपाटात. ज्याच्याकडे पुरावा नाही त्याने सिद्ध करायचं, हे कुठल्याही व्यवहारात अन्यायाचंच.

मग भुर्दंड कुणी सोसायचा? 1984 सालच्या पद्मनाभन नायर खटल्यात हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे आला. केरळचे हे कर्मचारी 1973मध्ये निवृत्त झाले, पैसे 1975मध्ये मिळाले. कोषागारातून शेवटच्या पगाराचा दाखला वेळेत निघाला नव्हता. पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही खैरात नसून हक्क आहे, असं सांगून न्यायालयाने राज्यावरची व्याजाची जबाबदारी कायम ठेवली. दोषी अधिकारी मात्र दाव्यात प्रतिवादीच नव्हता, त्यामुळे त्याच्याकडून वसुली करता आली नाही.

इथे मन दुभंगतं. व्याज सरकारी तिजोरीतून गेलं, तर ते शेवटी सगळ्यांच्याच खिशातून जातं, त्याच पाड्यावरच्या माणसांच्याही. कारकुनाकडून वसूल करावं म्हटलं, तर एकाच माणसाकडे तीन टेबलं देणारा वरचा साहेब सुटतो. मला वाटतं, हे दोन हिशेब वेगळे ठेवायला हवेत. गुरुजींचं व्याज आधी आणि ताबडतोब द्यावं. दोष कुणाचा हे सरकारने नंतर शोधावं, आणि ते शोधताना नजर वरच्या खुर्चीपर्यंत जावी. घरातलं भांडण मिटेपर्यंत देणं थांबवायचं नसतं.

व्याजाने सगळं भरून निघतं असंही नाही. ऑपरेशन पुढे ढकललेलं असतं, बायको वाट पाहून गेलेली असते. त्याचा दर कुठल्याच नियमात नाही. पण म्हणूनच जे मोजता येतं, ते तरी न मागता मिळावं. ज्या आदेशाने मुद्दल निघतं त्याच कागदावर पुढच्या ओळीत व्याजाचा आकडा हवा. अर्जाची वाट पाहून दिलेलं व्याज उपकारासारखं वाटतं. आपणहून दिलं, तर ‘आमच्याकडून उशीर झाला’ ही कबुली त्यात असते. गुरुजींना पैशाइतकीच तीही हवी असते.