नावे आणि जमा

बी.कॉम. होऊन माणसाला एक गोष्ट मात्र जन्माची कळते : प्रत्येक ‘नावे’समोर कुठेतरी ‘जमा’ असलीच पाहिजे. नसेल तर घोळ आहे, आणि तो सापडेपर्यंत घरी जायचं नाही. बँकेत वीसेक वर्षं हाच धर्म पाळल्यामुळे हल्ली मला रस्त्यावरच्या हातगाडीतही न जुळलेला हिशेब दिसतो.

आमच्या छत्रपती संभाजीनगराला बावन्न दरवाजे, असं जुनी माणसं सांगतात. पण कुठल्याही दरवाज्यातून सरळ चालत जाऊन दाखवा! समोर केळी असतात. गुलमंडी घ्या, औरंगपुरा घ्या, केळी आहेतच. “शुद्ध अतिक्रमण आहे हो! महापालिका झोपलीय काय?” असं म्हणणारे गृहस्थ त्याच वेळी स्कूटर चालू ठेवून, एक पाय रस्त्याला टेकवून, “डझन कशी दिली?” हेही विचारत असतात.

मग एके दिवशी पथक येतं. गाडी ट्रकमध्ये जाते. केळीवाल्याच्या नावे गाडी, तराजू आणि दिवसाची कमाई. आणि गृहस्थांच्या? काही नाही. ते डझन केळी घेऊन केव्हाच घरी पोचलेले असतात.

२०१४ च्या पथविक्रेता कायद्यात ‘नैसर्गिक बाजार’ असा एक छान शब्द आहे. विकणारे आणि घेणारे परंपरेने जिथे जमत आले ती जागा. ‘आणि घेणारे’ हे दोन शब्द बघा. म्हणजे बाजार दोघांनी मिळून भरतो. पण प्रमाणपत्राशिवाय विकलं तर दोन हजारांपर्यंत दंड, विकत घेतलं तर दंड शून्य! संयुक्त खात्यातली उचल दोघांची, वसुली एकाकडून.

तसा कायदा उदार आहे. शहराच्या लोकसंख्येच्या अडीच टक्क्यांपर्यंत विक्रेत्यांना सामावून घ्या म्हणतो. २०११ च्या जनगणनेची पावणेबारा लाख माणसं धरली तर एकोणतीस हजारांच्या वर जातात. आधी पाहणी करा, ती होईपर्यंत कुणाला उठवू नका, हेही म्हणतो. कायदा बोलतो फार गोड.

२०२० साली ‘पीएम स्वनिधी’ योजना आली. विक्रेत्याला विनातारण कर्ज, पहिलं दहा हजारांचं. अर्ज आमच्या काउंटरवर येऊ लागले. भाजीवाल्या मावशींना मी विचारलं, “व्यवसायाचं ठिकाण?”

“सकाळी पैठण गेट, साहेब. गाडी आली की मागची गल्ली. काय लिहायचं ते तुम्हीच लिहा.”

रकान्यात जागा एकाच ओळीची होती. ज्याला ओळखपत्र नाही त्याला पालिकेचं शिफारसपत्र चालत असे. एका हाताने शिफारस, दुसऱ्या हाताने ट्रक! आणि हप्ता मात्र ठरल्या तारखेलाच.

आता म्हणाल, चालणाऱ्याचं काय? म्हाताऱ्या माणसाने फुटपाथ सोडून रिक्षासमोर उतरायचं? हा प्रश्न खराच आहे. सोदान सिंग खटल्यात १९८९ साली सर्वोच्च न्यायालयाने रस्त्यावर व्यापार करणं हा मूलभूत हक्क मानला, पण वाजवी निर्बंधांसह. अमुकच कोपरा माझा, असा हक्क त्यात नाही. तेव्हा विक्रेत्याने सरकायला हवं, हे कबूल.

पण सरकायचं कुठे? गावाबाहेरच्या मैदानात पट्टे आखून ‘हॉकर्स झोन’ अशी पाटी लावली की कागद जुळतो, पोट जुळत नाही. गिऱ्हाईक जिथे जात नाही ती जागा देणं म्हणजे हद्दपारीच, फक्त पावती मिळते एवढंच.

माझ्या मते उरलेली ‘जमा’ गिऱ्हाइकाच्या पायात आहे. विक्रेत्याने दोनशे पावलं सरकावं, पालिकेने ती जागा पक्की लिहून द्यावी, आणि आपण स्कूटर बाजूला लावून दोनशे पावलं चालावं. फुकटात मोकळा रस्ता मागणं म्हणजे शिल्लक नसताना चेक फाडणं.

दोनशे पावलं काही फार नाहीत. एवढी केळी खाऊन तेवढी ताकद यायला हरकत नाही.