नाकाची जात



सकाळी नऊच्या सुमारास कुर्ल्याला लोकलमध्ये चढणाऱ्याला कोणी जात विचारीत नाही. विचारायला सवडच नसते. गर्दी टोकाला गेली की एका चौरस मीटरात १४ ते १६ माणसे उभी असतात. छातीला पाठ लागते, एकाचा घाम दुसऱ्याच्या सदऱ्यात उतरतो. आपल्या आजा-पणज्यांच्या गावी सावलीचाही विटाळ होत असे. म्हणून या गर्दीविषयी आपली माणसे कुरकुरतात तेव्हा मला नवल वाटते.

पण अंगाने सोडले ते नाकाने धरून ठेवले आहे. लगेजच्या डब्यातून पाटीवाली कोळीण उतरली की रुमाल वर जातो. सफाई कामगार शेजारी बसला की माणूस सरकून बसतो आणि म्हणतो, 'मी जात मानीत नाही, वास सहन होत नाही एवढेच.' हे खरे आहे काय?

तथागतांनी सांगितलेल्या सहा आयतनांत नाकही आहे. नाक आणि गंध यांच्या स्पर्शातून वेदना उपजते, सुखद वा दुःखद. येथवर कोणाचाच दोष नाही; गटाराचा वास भिक्खूलाही येतो. परंतु 'वास वाईट' याचे 'माणूस वाईट' होते, ती उडी नाक मारीत नाही, मन मारते. घरच्या घरीच तपासून पाहा. चाळीत सुका बोंबील भाजला की भूक लागत असे. तोच वास आता नव्या इमारतीच्या जिन्यात गेला तर आपण खिडक्या लावून घेतो, शेजारी काय म्हणतील म्हणून. बोंबील तोच, नाकही तेच!

राजगृहाचा सुनीत रस्ते झाडणारा होता. तथागतांनी त्याला जवळ बोलावून संघात घेतले. आधी अंघोळ करून ये, अशी अट घातल्याचे थेरगाथेत नाही.

आजचा सुनीत कोठे आहे? २०१३ च्या कायद्याने बंदी असूनही गटारात माणसे उतरविली जातात व गुदमरून मरतात. तेथील सडक्या अंड्यासारख्या वासाचा विषारी वायू फार वाढला की प्रथम नाकच बधिर करतो. वास येईनासा होतो, आणि आत उतरलेल्याला वाटते की हवा निवळली. त्या वेळी वर, रस्त्याच्या कडेने, आपण नाकाला रुमाल लावून जात असतो.