तोफेचा आवाज कोणी ऐकायचा?

सोलापूरच्या भुईकोट किल्ल्याचा इतिहास सांगताना आपण बहुधा सत्तांची यादी सांगतो. बहमनी, निजामशाही, आदिलशाही, मोगल, मराठे, इंग्रज. किल्ला कोणी बांधला, कोणी घेतला, कोणी गमावला. यादी खरी आहे. पण तिच्यात एक माणूस कधीच सापडत नाही. कोटाबाहेरच्या पेठेत राहणारा, सीनेच्या किंवा भीमेच्या काठी ज्वारी पेरणारा, ज्याच्या हाती हत्यार नव्हते असा माणूस. युद्धशास्त्राने हजार-दीड हजार वर्षांत केवढी प्रगती केली हे आपण कौतुकाने वाचतो. त्या प्रगतीकडे या निःशस्त्र माणसाच्या बाजूने पाहिले तर काय दिसते?

आपले सोलापूर हे एकेकाळी लग्नात आंदण द्यायचे ठाणे होते. १५२४ च्या सुमारास बुरहान निजामशहाचे लग्न विजापूरच्या शहजादीशी झाले, तेव्हा सोलापूरचा किल्ला देण्याचे ठरले. तो दिला गेला नाही, आणि त्यावरून अहमदनगर व विजापूर पुढे कित्येक वर्षे लढत राहिले. मग १५६५ च्या तालिकोटच्या लढाईआधी दोन्ही घराणी एकत्र आली. हुसेन निजामशहाची मुलगी चांदबीबी विजापूरच्या अली आदिलशहाला दिली गेली, आणि पुन्हा हाच किल्ला आंदण ठरला. दोन्ही बाजूंना मुसलमान सुलतान होते, दोन्ही फौजांत मराठे सरदार होते. म्हणजे ही भांडणे धर्माची नव्हती, हे आपण अभिमानाने सांगतो आणि ते बरोबरच आहे. पण फौजेच्या टापांखाली ज्याचे उभे पीक गेले, त्याला त्या फौजेत कोणत्या धर्माचे किती लोक होते हे कळून काय दिलासा मिळाला असेल?

युद्धाचे नियम माणसाने फार पूर्वी केले. हजरत अबू बकर (रजि.) यांनी शामच्या मोहिमेवर फौज रवाना करताना दिलेली ताकीद आपल्या घरांत आजही सांगितली जाते. स्त्रिया, मुले, म्हातारे यांना मारू नका, फळझाडे तोडू नका, मठांत एकांतात बसलेल्यांना त्रास देऊ नका. ही ताकीद ज्या सैनिकाला दिली, त्याच्या हाती तलवार आणि भाला होता. समोर म्हातारा आहे की जवान, हे त्याला दिसत होते. पाळायचा नियम डोळ्यांनी पाळता येत होता.

पण त्याच काळात मनजनीक, म्हणजे तटबंदीवर दगड फेकणारे यंत्र, वापरात होते. दगड कोटाच्या आत कोणावर पडेल हे फेकणाऱ्याला दिसत नसे. त्यातून फकिहांपुढे अवघड प्रश्न उभा राहिला. किल्ल्यात लहान मुले आहेत, किंवा शत्रूने मुलांनाच ढालीसारखे पुढे केले आहे. मग मारा करावा की नाही? हनफी परंपरेने सांगितले की मारा करता येईल, मात्र नियत लढणाऱ्यालाच मारण्याची हवी. शामचे इमाम औजाई (मृत्यू ७७४) यांना हे मान्य नव्हते. शत्रूने मुसलमानांची मुले ढाल म्हणून पुढे केली असतील तर हात आवरावा, असे त्यांचे मत होते. हा वाद साडेबाराशे वर्षांपूर्वीचा आहे. पण आजच्या प्रत्येक युद्धात तोच चाललेला दिसतो. ‘आमचा नेम सैनिकांवरच होता’ हे आजच्या सेनापतींचे वाक्य त्या नियतीच्या अटीचेच नवे रूप आहे. फरक एवढाच की फकिहांनी नियत ही अट म्हणून घातली होती. आज तिची सबब झाली आहे.

मनजनिकीनंतर तोफ आली. विजापूरची प्रसिद्ध ‘मलिक-ए-मैदान’ तोफ १५४९ मध्ये अहमदनगरला मुहम्मद बिन हसन रूमी याने ओतली. तिचे वजन सुमारे ५५ टन. ती परांड्याच्या किल्ल्यावर होती आणि १६३२ मध्ये विजापूरला नेली गेली. परांडा ते विजापूर म्हणजे आजचा सोलापूर जिल्हा ओलांडणे आलेच. ती ओढायला दहा हत्ती आणि चारशे बैल लागले असे सांगतात. १६३० ते १६३२ ही वर्षे दख्खनमधल्या भीषण दुष्काळाची. ज्या मुलखात नांगराला बैल उरला नव्हता, त्या मुलखातून ही तोफ गेली. तिने गोळा डागण्याआधीच रयतेकडून काय घेतले असेल, याचा हिशेब कोणत्याही बखरीत नाही.

या तोफेविषयी विजापुरात आणखी एक गोष्ट सांगतात. बत्ती दिल्यावर गोलंदाज बाजूच्या हौदात बुडी मारून डोके पाण्याखाली धरीत असे, म्हणजे आवाजाने कानठळ्या बसू नयेत. गोष्ट खरी की रचलेली, ते बाजूला ठेवू. पण युद्धकलेच्या विकासाचे सार तिच्यात आहे. मारणाऱ्याला मरणारा दिसत नाही, आणि आता स्वतःच्या हातच्या माऱ्याचा आवाजही ऐकावा लागत नाही.

मोठ्या तोफांना आणि मोठ्या फौजांना उत्तर म्हणून दख्खनने गनिमी कावा दिला. मलिक अंबरने तो मोगलांविरुद्ध वापरला. १६२४ च्या भातवडीच्या लढाईत त्याने तलावाचा बांध फोडून शत्रूच्या छावणीची दैना केली. त्या लढाईत शहाजीराजे त्याच्या बाजूने लढले. दुबळ्याला बलवानाशी झुंजता येते हे या युद्धनीतीने सिद्ध केले, आणि तिचा अभिमान महाराष्ट्राने बाळगावा हे योग्यच आहे. पण तिचीही एक किंमत आहे. शत्रूची रसद तोडायची म्हणजे वाटेवरच्या गावांत दाणा आणि वैरण उरू द्यायची नाही. फौज छावणीत उपाशी राहण्याआधी गाव उपाशी राहते. औरंगजेबाची छावणी १६९५ ते १६९९ या काळात आपल्याच जिल्ह्यात, मंगळवेढ्याजवळ भीमेकाठी ब्रह्मपुरीला होती. एवढे मोठे फिरते शहर आजूबाजूच्या शेतांवरच जगले. पुढे १७०२ ते १७०४ या काळात दख्खनमध्ये दुष्काळ आणि रोगराईने वीस लाख माणसे मेली, असा इटालियन प्रवासी मनूचीचा अंदाज आहे. ती कोणत्याही लढाईत पडली नाहीत, म्हणून कोणाच्या विजयात वा पराजयात मोजली गेली नाहीत.

हे दुःख कोणाच्या ध्यानातच आले नव्हते असे नाही. राज्याभिषेकाच्या सुमारास शिवाजी महाराजांनी चिपळूणजवळच्या छावणीतील अधिकाऱ्यांना पाठविलेले पत्र प्रसिद्ध आहे. साठा आत्ताच संपवलात तर पुढे कुणब्याच्या घरचे दाणे, भाकर, गवत, भाजी ओढून आणाल, आणि मग रयतेला तुमच्यापेक्षा मोगल बरे वाटतील, असा त्याचा आशय. राजाला आपली फौज शेतकऱ्याच्या दारातून कशी दिसते हे पाहता आले. असे पाहणे हीच युद्धातली सर्वांत अवघड गोष्ट आहे.

कोणी म्हणेल, जवळून मारणारे काय कमी क्रूर होते? १२५८ मध्ये बगदादमध्ये मोगोलांनी केलेली कत्तल तलवारीनेच झाली होती. हा आक्षेप खरा आहे. अंतर माणसाला क्रूर करते असे म्हणता येणार नाही; क्रौर्य माणसात आधीच असते. अंतर त्याला फक्त एक सोय देते. तलवार चालविणारा ‘मला माहीत नव्हते’ असे म्हणू शकत नाही. दुरून मारणारा म्हणू शकतो, आणि रात्री शांत झोपूही शकतो.

विसाव्या शतकाने ही सोय कळसाला नेली. १ नोव्हेंबर १९११ रोजी गावोत्ती या इटालियन वैमानिकाने लिबियातील तुर्क-अरबांच्या छावणीवर विमानातून हाताने बॉम्ब टाकले. विमानातून झालेल्या बॉम्बफेकीची ती सुरुवात. त्यानंतर केवळ ३४ वर्षांनी हिरोशिमा झाले. ९ ऑगस्ट १९४५ ला दुसरा अणुबॉम्ब कोकुरा शहरावर पडायचा होता. खाली ढग आणि धूर असल्याने शहर दिसेना, म्हणून विमान नागासाकीकडे वळले. हजारो माणसांनी जगायचे की मरायचे हे ढगांवर ठरले. १८६४ पासून झालेले जिनिव्हा करार आधी जखमी सैनिक, मग युद्धकैदी यांच्यासाठी होते. निःशस्त्र नागरिकांसाठी स्वतंत्र करार व्हायला १९४९ उजाडावे लागले. नियम नेहमी शस्त्राच्या मागून चालतो, आणि तोही लंगडत.

आता ड्रोन आहेत. शेकडो कोसांवर खुर्चीत बसलेला माणूस पडद्यावर पाहून मारा करतो, आणि लक्ष्य निवडण्याचे कामही यंत्राकडे सोपविले जाऊ लागले आहे. ही शस्त्रे अचूक असल्याने निरपराध कमी मरतात असे सांगितले जाते. काही ठिकाणी ते खरेही असेल, आणि जीव वाचत असतील तर ती थोडी गोष्ट नाही. पण अचूकपणा एवढेच सांगतो की गोळा ठरल्या जागी पडेल. त्या जागी कोण आहे, हे कोणीतरी ठरवावेच लागते. ते ठरविताना झालेल्या चुकीचा जाब कोणाला विचारायचा? यंत्राला तर कयामतच्या दिवशी उभे केले जाणार नाही.

या प्रश्नात आपला, म्हणजे मराठी मुसलमानांचा, एक खास वाटा आहे. निष्ठेचा पुरावा मागितला गेला की आपण सैनिकांची नावे सांगतो. पानिपतावर मराठ्यांच्या बाजूने लढून १७६१ मध्ये जीव देणारा इब्राहिमखान गारदी, १९६५ च्या युद्धातील परमवीरचक्र विजेते अब्दुल हमीद. ही नावे सांगायलाच हवीत. पण आपुलकीचा पुरावा फक्त रणांगणावर मिळतो, असा समज आपण त्यातून पक्का करीत नाही ना? मे १९३० मध्ये याच सोलापुरात इंग्रजांनी मार्शल लॉ पुकारला. त्यानंतर मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांच्याबरोबर १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फाशी गेलेले कुर्बान हुसेन हे सैनिक नव्हते. ते ‘गझनफर’ नावाचे पत्र चालविणारे पत्रकार होते. लेखणी धरणाऱ्याचा वारसाही आपलाच आहे.

त्या वारशाला स्मरून इमाम औजाईंकडे पुन्हा पाहावे लागते. हात आवरा, असे त्यांनी म्हटले ते मुसलमानांच्या मुलांसाठी. त्यांच्या काळाच्या मानाने ते धाडसच होते. पण आपली सदसद्विवेकबुद्धीही आज नेमकी तिथेच थांबते. गाझातील मूल मेले की आपण कळवळतो, आणि कळवळायलाच हवे. सीमेपलीकडचे आपले नसलेले मूल मेले, किंवा आपला कैवार घेणाऱ्यांनी कोणाचे मूल मारले, की आपल्यालाही नियतीचा आधार सापडतो. दुसरा समाज आपल्या मुलांविषयी तेच करतो. म्हणजे अंतर फक्त तोफेने वाढत नाही. ‘आपला’ आणि ‘परका’ या दोन शब्दांनीही वाढते. कोसांचे अंतर कमी करणे आपल्या हाती नाही. शब्दांचे मात्र आहे.

म्हणून सोलापूरच्या बुरुजांकडे पाहताना हा किल्ला कोणाचा, एवढे विचारून थांबू नये. त्याच्या तोफांसमोर कोण होते, हेही विचारावे. उत्तर इतिहासाच्या पानांत मिळणार नाही, कारण त्या माणसांची नावे कोणी लिहिली नाहीत. निदान आपल्या काळात मरणाऱ्यांची नावे, ती कोणत्याही भाषेतली आणि कोणत्याही धर्मातली असोत, आपल्याला उच्चारता यायला हवीत. हौदात डोके घालण्याची सोय गोलंदाजाला होती. लिहिणाऱ्याला आणि वाचणाऱ्याला ती घेता येणार नाही.