गुडघे आणि स्वभाव

चिकुनगुन्याचा ताप आठवडाभरात जातो, पण सामान मागे ठेवून जातो. सकाळी मूठ वळत नाही, बादलीची कडी परक्यासारखी वागते, नाकावर काळसर झाक येते आणि बोईसर स्टेशनचा जिना रायगडाएवढा होतो. नावाचा अर्थच मुळी ‘वाकवणारा’; आफ्रिकेतल्या माकोंडे भाषेतला. १९५२ साली आजच्या टांझानियात साथ आली, १९७३ साली आपल्या बार्शीने तिचा पाहुणचार केला. मग आमच्या बोईसरनेच काय घोडं मारलंय?

पण सांध्यांपेक्षा मोठी अडचण स्वभावाची. चहा कोमट आला की मी भडकतो. ही शेजारणीला समजावते, ‘‘ते नाहीत हो बोलत, त्यांचं दुखणं बोलतंय.’’ ऐकायला बरं वाटतं. हिशोब पुढे नेला की मात्र पंचाईत. भडकणं डासाच्या खात्यावर टाकायचं, तर चाळीस वर्षं शांत माणूस म्हणून माझी जी ख्याती होती ती कोणाच्या खात्यावर? लोक नमस्कार करत होते तो मला, की माझ्या सांध्यांतल्या वंगणाला?

अंथरुणात दुसरं काय करणार? पालघरच्या वाचनालयातून ऐतिहासिक कादंबऱ्या आणवून त्यांचा फडशा पाडला. त्यांतल्या वीरांना गुडघे नसतातच. घोड्यावर झेप घेतात. उतरताना ‘आई गं’ म्हणणारा एक सापडेल तर शपथ! रणजित देसाईंच्या १९६२ च्या ‘स्वामी’त मात्र नायकच क्षयाने झिजतो. माधवराव पेशवे १७७२ साली थेऊरला गेले ते अवघ्या सत्ताविसाव्या वर्षी. तेही तापट होते. पण त्यांच्या रागाला आपण करारीपणा म्हणतो. दुखण्याची किरकिर म्हणायची कोणाची छाती आहे?

आणि लांब कशाला, बोईसरहून रिक्षाने जाण्याच्या अंतरावर तारापूरचा किल्ला आहे. चिमाजी अप्पांनी तो १७३९ च्या जानेवारीत घेतला, मे महिन्यात वसई. अप्पांची प्रकृती तोळामासा. १७४० च्या डिसेंबरात गेलेसुद्धा. तरी वसईचं यश आपण अप्पांना देतो, त्यांच्या शरीराला नाही. आता यश जर माणसाचं, तर चिडचिड डासाची कशी?

हे मी हिला मोठ्या उत्साहाने ऐकवलं.

‘‘पटलं,’’ ती म्हणाली. ‘‘मग उद्यापासून शेजारणीला तसंच सांगते. दुखणं नव्हे, हेच बोलताहेत म्हणून.’’

मी म्हटलं, ‘‘सांग. पण थंडी संपल्यावर.’’