सेनापतींच्या हातात काय द्यायचं?

पारनेर तालुक्यातल्या आमच्या गावात भरतीची तयारी करणारी पोरं ज्या तालमीत जमतात, तिच्या भिंतीवर सेनापती बापटांचं चित्र काढायचं ठरलं. बापट पारनेरचे, १८८० चा जन्म. तालुक्याचा त्यांच्यावर हक्कच आहे. पोरांना एका हातात तलवार आणि दुसऱ्या हातात पिस्तूल हवं होतं. मी म्हणाले, खराटा द्या. हे मामांना झोंबलं. मामा रणगाडा दलातून रिसालदार म्हणून निवृत्त झालेत आणि या पोरांना पहाटे पळवतात तेच. मी नगरला, म्हणजे आताच्या अहिल्यानगरला, कॉलेजात इतिहास शिकवते. त्या दिवशी चहा झाल्यावरही आम्ही दोघं उठलो नाही.

“पॅरिसमध्ये रशियन क्रांतिकारकांकडून ज्यानं बॉम्बची विद्या मिळवली आणि देशात आणली, त्याच्या हातात खराटा?” मामा म्हणाले. “पोरांनी त्यातून काय घ्यायचं?”

“त्यांनी स्वतः जे घेतलं तेच. शिष्यवृत्तीवर एडिंबरोला शिकायला गेलेला माणूस परत येऊन पारनेरचे रस्ते झाडत होता. पुढे मुंबईत झाडूवाल्यांचा संप झाला तेव्हा तो त्यांच्या बाजूनं उभा राहिला. बॉम्बला धाडस लागतंच. पण त्या काळात ब्राह्मण जातीच्या माणसानं गावासमोर खराटा हातात घ्यायचा, त्यालाही कमी धाडस लागलं नसेल.”

“थोरच होते ते. पण झाडून देश स्वतंत्र होत नसतो, पोरी. गुलाम माणसाला आधी ताठ उभं राहायला शिकवावं लागतं. इंग्रजांनी १८७८ साली कायदा करून हत्यारं काढून घेतली आणि वर म्हणायचे, ही माणसं भित्री. त्याला उत्तर तालमींनी दिलं. चापेकरांनी १८९७ मध्ये रँडला मारलं, ते एका अधिकाऱ्यापुरतं नव्हतं. आम्ही बायकी नाही, हे त्यांना जगाला दाखवायचं होतं.”

“मामा, माझी अडचण नेमकी तिथंच आहे. हे सिद्ध कोणापुढे करायचं होतं? मेकॉलेनं बंगाली माणसाला दुबळा आणि बायकी ठरवलं. पुढे लॉर्ड रॉबर्ट्ससारख्या सेनापतींनी लढाऊ जाती कोणत्या आणि बिनलढाऊ कोणत्या, हे ठरवलं. नगरहून पुण्याला जाताना भीमा कोरेगावचा स्तंभ लागतो. १ जानेवारी १८१८ च्या लढाईत पडलेल्यांची नावं कंपनी सरकारनं त्यावर कोरली, त्यात महार सैनिकांची नावं आहेत. आणि १८९२ च्या सुमारास महारांची भरती बंद! माणसं तीच, मनगटं तीच. मर्दपणाचा दाखला देणारं सरकार आणि तो काढून घेणारं सरकार एकच. मग १९१० साली शिवराम जानबा कांबळ्यांना थेट विलायतेला अर्ज धाडावा लागला, की आम्हाला पुन्हा सैन्यात घ्या. महार रेजिमेंट उभी राहिली ती १९४१ मध्ये.”

“मग तो अर्ज करणारे चुकले म्हणतेस?”

“नाही. कसं म्हणेन?”

“तेच सांगतोय. ज्याला गावानं माणसात धरलं नाही, त्याच्या अंगावर वर्दी चढली की त्याची मान वर व्हायची. पेन्शन यायची, पोरं शिकायची. आंबेडकरांचे वडील पलटणीतच होते ना? दाखला परक्याचा होता, पण त्याशिवाय दुसरं दार उघडंच नव्हतं.”

मामांचं हे म्हणणं मी टाळू शकत नव्हते, आजही टाळू शकत नाही. ज्याला पिढ्यानपिढ्या वाकवलं, त्याला ‘मीही मर्द आहे’ असं म्हणावंसं वाटतं, तेव्हा तो खरं तर ‘मीही माणूस आहे’ एवढंच म्हणत असतो. त्या क्षणी त्याच्या हातात दुसरा शब्द नसतो.

“पण पुढचं बघा,” मी म्हणाले. “उभं राहून झालं तरी तो दाखला कोणी टाकून दिला नाही. आता आपणच तो एकमेकांना मागतो. कचेरीवर मोर्चा गेला की साहेबाला बांगड्यांचा आहेर. आणि त्या बांगड्या घेऊन पुढे कोण असतं? बायकाच. आपल्याच हातातली वस्तू शिवी म्हणून पुढे करताना आपल्याला काही वाटत नाही. इंग्रज जाऊन इतकी वर्षं झाली, त्याची ती नजर मात्र आपल्याकडेच राहिली.”

“सगळं इंग्रजावर ढकलू नकोस. मर्द मावळे इंग्रजानं शिकवले नाहीत आपल्याला. महाराजांच्या आधीपासून आपल्याकडे शौर्याला मान आहे.”

“आहे. म्हणून महाराजांचंच उदाहरण घेऊ. चिपळूणकडे तळ पडला होता तेव्हा त्यांनी आपल्या अधिकाऱ्यांना पत्र पाठवलं. त्यात काय आहे? रयतेचा दाणागोटा, भाजीपालासुद्धा पैसे दिल्याशिवाय घेऊ नका. आणि गवताच्या गंजींची काळजी घ्या, रात्री दिवा जळता ठेवाल तर उंदीर पेटती वात ओढून नेईल आणि सगळं गवत जळून जाईल. स्वराज्याचा राजा उंदरापर्यंतचा विचार करतो. एरवी असा विचार घरातली बाई झोपण्याआधी चूल विझवताना करते. आपण अफझलखान भिंतीवर काढतो. तो उंदीर कोणीच काढत नाही.”

मामा हसले नाहीत. म्हणाले, “घोडदळाचा माणूस होता तो. घोड्याचं गवत जळलं तर लढाई तिथंच हरली. त्याला तू बाईपण म्हणतेस, आम्ही त्याला बंदोबस्त म्हणतो.”

“मग बंदोबस्त मर्दानगीत का धरला जात नाही?”

यावर ते बोलले नाहीत. मी विषय नगरच्या किल्ल्याकडे नेला, कारण या प्रश्नात मला सगळ्यात जास्त छळणारी गोष्ट त्या किल्ल्यात घडली. ऑगस्ट १९४२ मध्ये काँग्रेसची कार्यकारिणी नगरच्या भुईकोटात आणून ठेवली: नेहरू, पटेल, आझाद, नरेंद्र देव आणि बाकीचे. नेहरूंनी ‘डिस्कव्हरी ऑफ इंडिया’ तिथंच १९४४ मध्ये लिहिलं, हे नगरच्या शाळकरी पोराला ठाऊक असतं. आझादांनी तिथं लिहिलेली, कधी धाडली न गेलेली पत्रं ‘गुबार-ए-खातिर’ या पुस्तकात आहेत, ती मात्र कमी लोकांनी वाचलेली असतात. त्यांची पत्नी झुलेखा बेगम कलकत्त्यात आजारी पडली. तुरुंगाचा अधिकारी म्हणाला, तुम्ही काही विनंती करणार असाल तर मी लगेच सरकारकडे पाठवतो. आझाद म्हणाले, मला या सरकारकडे काही मागायचं नाही. नेहरूही येऊन बोलून गेले, त्यांनाही तेच उत्तर. ९ एप्रिल १९४३ ला त्या गेल्या.

“याला म्हणतात मर्द,” मामा म्हणाले. “विनंती केली असती तर सरकारनं दुसऱ्या दिवशी सगळीकडे छापलं असतं, काँग्रेसचा अध्यक्ष वाकला म्हणून.”

“मान्य. पण त्यांनीच पुढे काय लिहून ठेवलंय ते ऐका. ते म्हणतात, वरून मी शांत होतो, ठरल्या वेळी जेवायच्या टेबलाशी जात होतो, पण अधिकाऱ्याच्या पावलांचा आवाज आला की काळीज धडधडायचं. वरचा तो सगळा थाट दिखाव्याचा होता. आणि किल्ल्यात आवारात एक जुनी कबर होती, कोणाची ते माहीत नाही. बातमी कळल्यापासून त्यांची नजर पुन्हा पुन्हा तिच्याकडे जायची. मामा, देशासाठी दगड व्हावं लागलेला हा माणूस, आपण दगड झालो नव्हतो हे लिहून ठेवतो. मला तो संयमापेक्षा या लिहिण्यासाठी मोठा वाटतो. आणि झुलेखा बेगम? देशाच्या मानासाठी त्यांनी नवऱ्याला न बघता मरावं, हे त्यांना कोणी विचारलं होतं?”

मामा बराच वेळ कपाकडे बघत होते. “आमच्या रणगाड्यात चौघं असायचो,” ते म्हणाले. “राजस्थानात सराव चालायचा. पत्रा असा तापायचा की उघडा हात टेकवायची सोय नाही. एकदा आमचा लोडर आत बसून रडायला लागला. घरून पत्र आलेलं, बाप गेलेला, रजा अजून मंजूर नाही. कोणी त्याला ‘काय बायकांसारखा रडतोस’ म्हणालं नाही. गनर त्याचं काम करत राहिला आणि मी त्याच्या पाठीवर हात ठेवून रेडिओवर बोलत राहिलो. बाहेरच्या माणसाला वाटतं सैन्यात छाती लागते. आत बसल्यावर कळतं, शेजारचा माणूस लागतो.”

“मग हे पोरांना सांगता का?”

“नाही सांगत,” ते म्हणाले, आणि लगेच उलटे माझ्यावर आले. “पण तुझा खराटाही तपासून बघ. बापटांनी झाडलं म्हणून तू चित्र काढायला निघालीस. आपल्या ग्रामपंचायतीत जी बाई रोज झाडते, तिचं चित्र तालमीवर काढायचं कोणाच्या मनात आलं का? तुझ्यासुद्धा नाही. ज्या हातात आधी बॉम्ब होता, त्या हातातला खराटा तुला मोठा वाटतो. म्हणजे तुझ्या खराट्यालाही तलवारीचीच पुण्याई आहे.”

यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. शस्त्र खाली ठेवण्याचा मान ज्याच्या हातात ते होतं त्यालाच मिळतो, आणि ज्याला ते कधी धरूच दिलं नाही त्याचं झाडणं नुसतं काम ठरतं. बापटांचं मोठेपण सांगताना मी त्या बाईला पुन्हा बाहेरच ठेवलं होतं.

“शिवाय बापटांनी शस्त्र कायमचं ठेवलंही नाही,” मामा पुढे म्हणाले. “मुळशीचा सत्याग्रह १९२१ चा. टाटांच्या धरणाखाली मावळातल्या शेतकऱ्यांची जमीन जात होती. शांततेनं थांबेना, तेव्हा हत्यारं घेऊन रेल्वे अडवली आणि सात वर्षं सजा भोगली. हे पुसून नुसता खराटा काढायचा, तर ते चित्र खोटं.”

“पण तिथंही ते कोणाच्या शेतासाठी उभे होते? स्वतःचा एक वाफासुद्धा बुडत नव्हता. परक्याचं ओझं अंगावर घ्यायचं, हेच रस्ता झाडतानाही होतं आणि रुळावरही होतं. मला त्यात फरक दिसत नाही.”

“फरक आहे,” मामा ठामपणे म्हणाले. “पिस्तुलानं माणूस मरतो, खराट्यानं नाही. हेतू चांगला म्हणून दोन्ही एका रांगेत बसवू नकोस. सैनिक हा फरक विसरला तर तो सैनिक राहत नाही.”

मी ते मान्य केलं. शस्त्राचं वजन त्यांना माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. मग मी त्यांना त्या मुलाबद्दल विचारलं, जो गेल्या भरतीत सोळाशे मीटर वेळेत पळाला, पण छाती फुगवून पाच सेंटिमीटर वाढली नाही म्हणून परत आला. तो तालमीकडे फिरकलेला नाही.

“रस्त्यात दिसला तर वाट बदलतो,” मामा म्हणाले. “टेप मी लावणारच. सीमेवर माणूस पाठवायचा तर मोजून पाठवावा लागतो. पण तो टेप छातीचा आहे, पोराचा नव्हे, हे त्याला कोण सांगणार?”

“तुम्ही सांगा. मी सांगितलं तर त्याला ती समजूत वाटेल. रिसालदारानं सांगितलं तर पटेल.”

“म्हणजे पुन्हा दाखला मीच द्यायचा?” मामा म्हणाले.